सराफ बाजारची धूळ

आमच्या घरात धुळीला घाण म्हणायची बंदी होती. कुणी चुकून म्हटलंच तर अब्बा हातातला घास खाली ठेवून म्हणायचे, ‘‘जिच्यावर जेवतोस तिला नाव ठेवू नये.’’ आम्ही झारेकरी. सराफ बाजारातल्या सोनारांच्या दुकानांतली आणि दारापुढची धूळ झाडून न्यायची, गंगेच्या पाण्यात काठवटीत घालून धुवायची, आणि शेवटी तळाशी जी काळी रेती उरते तिच्यातून पाऱ्यानं सोन्याचा कण न् कण उचलायचा, हा आमचा पिढीजात धंदा. गोदावरीला आम्ही सगळे गंगाच म्हणायचो, मुसलमान असलो तरी. माझं शाळामास्तरीण होणं, पेन्शन, हे चष्म्याआडून लिहिणं, हे सगळं पुष्कळ नंतरचं. तेव्हा मी नुसती इमामभाईची हलिमा होते, वय तेरा-चौदा, आणि पाय एका जागी न ठरणारी म्हणून अम्माच्या शिव्या खाणारी.

घर म्हणजे बाजाराच्या उतारावर, नदीकडच्या अंगाला एक खोली आणि तिच्यापुढं पत्र्याचा आडोसा. आडोशात भट्टी. खोलीत अम्मा सकाळपासून विड्या वळायची, त्यामुळे कपड्यांना, अंथरुणाला आणि भाकरीलासुद्धा तंबाखूचा वास. वरच्या बाजूनं सोनारांच्या हातोड्यांची बारीक टकटक यायची, पलीकडून तांबटांची दणदण, आणि मध्ये केव्हातरी देवळाची घंटा नाहीतर अजान. माझी धाकटी दोन भावंडं त्या आवाजांवर वेळ ओळखायची. म्हणजे जेवणाची वेळ. जेवण असायचंच असं नाही. बरे दिवस असले की बाजरीची भाकरी आणि लसणाची चटणी, शुक्रवारी सालन, म्हणजे पातळ रस्सा. वाईट दिवसांत ज्वारीच्या कण्या, मीठ घालून शिजवलेल्या, त्याही इतक्या पातळ की ताटलीत बोटानं रेघ ओढली तर लगेच बुजायची. आमच्या घरातली बोली निम्मी दखनी, निम्मी मराठी. इथं सगळं मराठीतच लिहिते आहे, नाहीतर आजची पोरं म्हणतील, आजीला कुठलीच भाषा धड येत नाही.

धंद्याचे नियम पक्के होते. प्रत्येक झारेकऱ्याची दुकानं वाटलेली. आमच्याकडं विश्वनाथशेटचं दुकान आजोबांपासून होतं. धूळ झाडली की ती तिथंच, दुकानाच्या ओट्यावर, शेटच्या डोळ्यांदेखत चाळायची. चाळणीवर जे राहील, मणी, कडी, फिरकी, ते सोनाराचं. चाळणीखाली जे पडेल ते आमचं. घडीव वस्तू झारेकऱ्याच्या घरात सापडली तर तो चोर, मग ती कुठूनही आलेली असो. उलट आम्ही आटवलेला सोन्याचा गोळा घेऊन गेलो तर कुणी चकार शब्द काढत नसे. गरीब माणूस सोनं विकायला उभा राहिला की पहिला प्रश्न येतो, कुठून आणलंस? अख्ख्या नाशकात हा प्रश्न फक्त आम्हालाच कुणी विचारत नव्हतं. अब्बांना याचा फार अभिमान होता. मला त्याचं दुसरं टोक तेव्हा दिसलं नव्हतं.

त्या वर्षा-दोन वर्षांत मंदी आली होती. खेड्यापाड्यांतले लोक घरातलं सोनं मोडायला आणत, सोनार ते जसंच्या तसं मुंबईला पाठवत. नवा दागिना कुणी घडवेना. घडवणं नाही म्हणजे कानस नाही, कानस नाही म्हणजे कण नाही. आमच्या चाळणीखाली नुसती माती पडायला लागली. त्यातच अब्बांचे हात कापायला लागले. आधी चहाची बशी हिंदकळायची, मग काठवट. पुढं खूप वर्षांनी एका डॉक्टरानं मला सांगितलं की ती पाऱ्याची वाफ. त्या आडोशात बसून आयुष्यभर पारा उडवणाऱ्याचं तसंच व्हायचं. तेव्हा आम्हाला वाटायचं अशक्तपणा. अब्बांनी ही गोष्ट बाजारापासून लपवली. हात गेलेल्या झारेकऱ्याचं दुकान दुसरे मागायला टपलेलेच असतात. म्हणून अब्बा ओट्यावर नुसते उभे राहायचे, हात पाठीमागं बांधून, मोठ्या ऐटीत, आणि झाडणं-चाळणं मी करायची. घरीही काठवट मी फिरवायची आणि भट्टीही मीच लावायची. अब्बा शेजारी बसून सांगायचे. आणि मला ते जमत होतं, हे आज सांगायला लाज कशाला? फार चांगलं जमत होतं.

पुरुषोत्तम नावाचा एक माणूस रामकुंडात बुडी मारून यात्रेकरूंनी टाकलेले पैसे काढायचा. सगळे त्याला पुऱ्या म्हणत. काळा, सडपातळ, केस सदा ओले. पर्वणीला त्याची चंगळ असे. एका पर्वणीच्या दुसऱ्या दिवशी, शुक्रवारी, अब्बा नमाजाला आणि अम्मा वळलेल्या विड्या कारखान्यात द्यायला गेली असताना तो आमच्या आडोशाशी आला. फडक्यात एक डोरलं होतं. काळ्या मण्यांच्या दोऱ्यात दोन सोन्याच्या वाट्या, मध्ये पाचसहा मणी, सगळं झिजून गुळगुळीत झालेलं. म्हणाला, पाण्यात पायाला लागलं, कुणाचं ते काय ठाऊक. आटवून विक, निम्मं तुझं. मी डोरलं उलटंपालटं केलं. दोरा तुटला नव्हता. कापलेला होता, दोन्ही टोकं ब्लेडनं कापल्यासारखी साफ.

हे मी पाहिलं होतं. सत्तर वर्षं मनाला सांगून पाहिलं की पोर होते, कळलं नसेल. सगळं कळलं होतं. आदल्या दिवसापासून घरात कण्यासुद्धा नव्हत्या, धाकटा भिंतीची माती खाताना सापडला होता आणि अम्मानं त्याला मारून मग स्वतःच रडायला घेतलं होतं. मला कुठं उभं राहवत नव्हतं, कुठं बसवत नव्हतं. सकाळपासून मी उगाच घाट आणि घर अशा चार खेपा घातल्या होत्या. मी पुऱ्याला म्हटलं, ठेव आणि जा.

वाट्या आतून लाखेनं भरलेल्या होत्या. निखाऱ्यावर धरल्या तशी लाख पेटली आणि तिचा गोड-जळका वास आडोसाभर झाला. मी पत्रा उचलून वारा घेतला. काळे मणी वेगळे करून पुऱ्यानं आणलेल्या फडक्यात बांधले आणि भट्टीत टाकले. मातीच्या मुशीत सोनं घातलं, मळ सुटावा म्हणून सवागी घातली, फुंकणी लावली. कडेच्या वाटीत त्या महिन्याचं आमचं धुळीचं सोनं होतं, चिमूटभर, तांबूस, त्यात सांधे जोडायच्या डाकाचं तांबं आणि चांदी मिसळलेली. ते यात टाकावं का, असा विचार एकदा आला. पण अब्बांची शिकवण होती, शुद्धात अशुद्ध घालू नये, वेगळं आटवावं, वेगळं न्यावं. मी ती पाळली. चोरी करताना धंद्याचा नियम पाळायची अक्कल मला सुचली, याला काय म्हणावं! मळी दोनदा काढली. गोळा थंड झाल्यावर हातात घेतला तर चण्याएवढा, गोल, पिवळाधमक. इतकं सुंदर सोनं आमच्या आडोशात कधी तयार झालं नव्हतं. मला भूक आठवत नाही त्या क्षणाची, फक्त आनंद आठवतो.

दुसऱ्या दिवशी सकाळी गोळा ओढणीच्या टोकाला गाठ मारून बांधला आणि डोक्यावर काठवट घेऊन निघाले. काठवट नेली ती अम्माला संशय नको म्हणून. घाटाच्या खालच्या अंगाला गर्दी ओसरली होती, निर्माल्य आणि फुटके द्रोण तरंगत होते. तिथं एक बाई गुडघाभर पाण्यात वाकून दोन्ही हातांनी तळची रेती उपसत होती. तिशीची असेल. लुगडं कमरेपर्यंत भिजलेलं, गळा मोकळा. तिनं माझी काठवट पाहिली आणि तशीच पाण्यातून माझ्याकडं आली.

‘‘पोरी, तू रेती धुती ना? माझं डोरलं गेलं बघ हितं. परवापासून शोधतेय. गाडी उद्या पहाटं सुटायची, तसल्या गळ्यानं मी घरी कशी जाऊ?’’

मी म्हणू शकले असते की मला वेळ नाही. पळून जाऊ शकले असते. पण तिनं माझ्या डोक्यावरची काठवट स्वतःच उतरवून घेतली आणि ती रेतीनं भरलीसुद्धा. मग मी पाण्यात बसले आणि धुवायला लागले. तास, सवा तास. काठवट भरायची, फिरवायची, वरची वाळू सोडून द्यायची, तळाशी बोट फिरवायचं, नाही म्हणून मान हलवायची. ती प्रत्येक वेळी माझ्या खांद्यावरून वाकून बघायची. तिचा श्वास माझ्या कानाला लागत होता. ती दिंडोरीकडची, गावच्या बायकांबरोबर पर्वणीला आलेली. डोरलं सासूनं आपल्या गळ्यातलं काढून लग्नात हिच्या गळ्यात बांधलं होतं, नवरा तापट होता, हे सगळं ती मला सांगत राहिली. कुणीतरी आपल्यासाठी हात ओले करतंय, एवढ्यानंच तिला बरं वाटत होतं. शेवटी मी म्हटलं, आता उजेड डोळ्यांवर येतो, संध्याकाळी बघू. ती म्हणाली, मी हितंच हे.

तिथून मी जवळजवळ धावतच बाजारात गेले. घाई एवढीच होती की तो गोळा माझ्या अंगावरून जावा. विश्वनाथशेटनं गोळा पाहिला, चिमट्यात धरला आणि कसोटीच्या काळ्या दगडावर रेघ ओढली. तेजाबाचा थेंब टाकला. आमच्या सोन्याची रेघ तेजाबात फिकी पडायची, निम्मी खाल्ली जायची. ही तशीच्या तशी राहिली. शेटनं दुसरी रेघ ओढली. मग चष्मा काढला, पुसला, परत लावला आणि शेजारच्या कारागिराला म्हणाला, जा, इमामभाईंना बोलावून आण.

मी ओट्यावर उभी होते. धुळीत दहा दागिन्यांचं, दहा कसांचं सोनं असतं, तांबं असतं, डाक असतो. धुळीतून कधी एकजात शुद्ध सोनं निघत नाही. माझी चोरी सापडली ती सोनं वाईट होतं म्हणून नव्हे. फार चांगलं होतं म्हणून.

अब्बा आले, खांद्याला चाळण अडकवलेली, हात पाठीशी बांधलेले. त्यांनी दगडावरच्या दोन रेघा पाहिल्या, गोळा पाहिला, मग माझ्याकडं पाहिलं. त्यांना समजायला तेवढंच पुरलं. ते शेटला म्हणाले, ‘‘मी केलं. पोरीला काही ठाऊक नाही. तिला मी नुसतं पाठवलं.’’

शेजारच्या ओट्यांवरचे हातोडे थांबले होते. विश्वनाथशेट काही दुष्ट माणूस नव्हता, पण सोनार होता. पारखून घेतल्याशिवाय त्याला राहवायचं नाही. त्यानं निखाऱ्याजवळची चिमटी उचलली आणि अब्बांपुढं धरली. ‘‘इमामभाई, एवढा गोळा उचलून दाखवा बरं.’’

अब्बांनी हात पुढं केले. वर्षभर बाजारापासून लपवलेले हात. चिमटी ओट्याच्या लाकडावर तडतड वाजायला लागली. त्यांनी दुसऱ्या हातानं मनगट धरलं, तर दोन्ही हात कापायला लागले. गोळा चिमटीत येईना, घरंगळत राहिला. कुणी हसलं नाही. हसले असते तर मी बहुतेक गप्प राहिले असते. मी म्हटलं, ‘‘मी आटवलं. पुऱ्यानं आणून दिलं. ज्या बाईचं आहे ती घाटावर आहे, तिला मी ओळखते.’’

पोलीस चौकी बाजाराच्या तोंडाशीच होती. शेटनं तिकडं एकदा पाहिलं. मग म्हणाला, ‘‘डोरलं आणलं असतंस तर आत्ता तिला बोलावून दिलं असतं. हा गोळा आहे. गोळ्याला मालक नसतो, पोरी. चौकीत जमा झाला तर तिच्या हाती कधी लागायचा?’’

अब्बांनी खांद्यावरची चाळण काढली आणि ओट्यावर ठेवली. ती आजोबांची चाळण, तिची कड तांब्याच्या तारेनं दोनदा बांधलेली. म्हणाले, ‘‘शेट, दुकान सोडतो. आज संध्याकाळपर्यंत याचं डोरलं घडवून द्या. मजुरीला माझ्याकडं एवढंच आहे.’’

झारेकऱ्यानं दुकान सोडायचं म्हणजे शेतकऱ्यानं शेत सोडायचं. ते दुकान दुसऱ्या झारेकऱ्याला दिलं की शेटला नजराणा मिळणार होता, आणि शेट ते जाणून होता. त्यानं मान हलवली. चौकीकडं कुणी गेलं नाही. पुऱ्याला मात्र बातमी आमच्या आधी पोचली असावी, कारण तो त्यानंतर रामकुंडावर कुणाला दिसला नाही.

दिवसभर मी दुकानाच्या पायरीवर बसून होते. अब्बा घरी गेले नाहीत, तेही रस्त्याच्या पलीकडं उकिडवे बसून राहिले, आता हात लपवायची गरज नव्हती म्हणून गुडघ्यांवर मोकळे सोडून. मला वाटत होतं त्यांनी मला सगळ्यांदेखत मारावं. दोन-तीनदा मी उठून त्यांच्या जवळ गेले आणि परत येऊन बसले. दिवे लागायच्या सुमारास कारागिरानं डोरलं हातात दिलं. दोन नव्या वाट्या, नवे काळे मणी, नवा दोरा. चकचकीत होतं. शेटनं वजनात काही मारलं का, असं पुढं बऱ्याच लोकांनी मला विचारलं. मला माहीत नाही. विचारायचं तोंड आमच्याकडं राहिलं नव्हतं.

घाटावर बाई सकाळच्याच जागी होती, पायरीवर. लुगडं अंगावरच वाळलं होतं. मी डोरलं तिच्या हातात दिलं. तिनं ते उजेडाकडं धरलं, अंगठ्यानं वाट्या चोळल्या आणि माझ्या हातात परत ठेवलं.

‘‘हे माझं नाय. माझं झिजलेलं व्हतं. कुणाचं हे, त्याला दे बाई.’’

तीन दिवस उघड्या गळ्यानं बसलेली बाई. उद्या पहाटे तिची गाडी सुटणार होती, घरी तापट नवरा होता, आणि सोन्याचं डोरलं ती परत करत होती. तेव्हा मला तिच्याशी खोटं बोलणं शक्यच राहिलं नाही. मी तिला सांगितलं, तुमचंच आहे, तुमचं मी आटवलं, त्याचंच हे केलं. पुऱ्याचं, दोऱ्याचं, भट्टीचं, सगळं एका दमात सांगितलं. ती ऐकत होती. मधेच तिनं माझी काठवट कुठं आहे असं बघितल्यासारखं केलं.

‘‘सकाळी माझ्यासंगं रेती धुत व्हतीस,’’ ती म्हणाली. ‘‘तवा कुठं व्हतं हे?’’

‘‘ओढणीच्या गाठीत.’’

तिनं डोरलं घेतलं. मान वाकवून स्वतःच्या हातानं गळ्यात बांधलं. गाठ बसेना, मी हात पुढं केला, तर तिनं खांदा वळवला. मग उठली, गाठोडं उचललं, आणि धर्मशाळेकडं दोन पायऱ्या चढून थांबली.

‘‘सासू बघताक्षणी वळखील,’’ ती म्हणाली. तिचा आवाज रागाचा नव्हता, थकलेला होता. ‘‘चोरीला गेलतं म्हणलं तर नवरा मारील. झिजलं म्हणून मोडून नवं केलं म्हणलं तर सासू म्हणंल, माझं डोरलं मोडलं. काय बी सांगितलं तरी आता मला जल्मभर खोटंच बोलाया लागंल.’’

एवढं बोलून ती वर चढू लागली. माझ्या मागोमाग आलेले अब्बा घाटाच्या भिंतीपाशी उभे होते, त्यांनी ते ऐकलं की नाही ते मी कधी विचारलं नाही. दोन ठिकाणी खरं बोलले म्हणून माझं मन थोडं हलकं झालं होतं, आणि माझ्यामुळं पदरी पडलेलं खोटं घेऊन ती अजून पायऱ्या चढत होती. मी तिचं नावही विचारलं नव्हतं.